बिनपगारी फौजेचा हेटमन

यान कारोल खोद्केविच हा सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धात जन्मलेला लिथुआनियाचा सरदार. झेमाइतिया प्रांताचा प्रमुख, लिव्होनियाचा प्रशासक, लिथुआनियाच्या फौजेचा महाहेटमन आणि शेवटी व्हिल्नियसचा वोयवोद अशी पदे त्याने एकामागून एक भूषवली. लिथुआनियन लोक त्याला योनास कारोलिस खोदकेविच्युस म्हणतात, बेलारूसी यान काराल खादकेविच. पोलिश इतिहासाच्या पुस्तकांत तो पोलंडच्या थोर सेनानींमध्ये गणला जातो. तिघांचाही दावा खरा आहे, कारण तो जगला त्या काळात या तीन देशांच्या आजच्या सीमा अस्तित्वातच नव्हत्या.

१५६९ साली लुब्लिन येथे झालेल्या करारानुसार पोलंडचे राज्य आणि लिथुआनियाची महाडची (म्हणजे महाराजपद असलेली रियासत) एका राजाखाली, एका संसदेखाली एकत्र आली होती. संसदेला सेयम म्हणत. मात्र दोन्हीकडचा खजिना, फौज, कायदा आणि मोठी पदे वेगळीच राहिली. त्यामुळे हेटमन म्हणजे सरसेनापतीही दोन: एक पोलंडचा, एक लिथुआनियाचा. प्रत्येकाच्या हाताखाली एक दुय्यम हेटमन असे. वोयवोद या शब्दाचा मूळ अर्थ ‘युद्धात पुढे चालणारा’. तो प्रांताचा सुभेदार असे. प्रांतातले जमीनदार सरदार युद्धासाठी जमले की त्यांचे नेतृत्व त्याच्याकडे, आणि सेयमच्या वरिष्ठ सभागृहातली खुर्चीही त्याची. लिथुआनियात व्हिल्नियसच्या वोयवोदाचा मान सर्वांत वरचा होता. झेमाइतिया या बाल्टिक किनाऱ्याजवळच्या प्रांताला मात्र वोयवोद नव्हता. तिथल्या प्रमुखाला ‘वडील’ अशा अर्थाचे बिरुद होते, पण अधिकार वोयवोदाइतकेच.

खोद्केविच घराणे मूळचे रुथेनियन, म्हणजे आजच्या बेलारूस-युक्रेनच्या मुलखातले, आणि ऑर्थोडॉक्स ख्रिस्ती. यान कारोलच्या पणजोबाने, आलेक्सांदर खोद्केविचने, सुप्राश्लचा प्रसिद्ध ऑर्थोडॉक्स मठ स्थापला. वडील यान हिएरोनिमोविच आधी प्रॉटेस्टंट झाले आणि नंतर कॅथलिक. लुब्लिनच्या करारात लिथुआनियाचे वेगळेपण टिकावे म्हणून जे सरदार अखेरपर्यंत अडून बसले, त्यांत हे वडील अग्रभागी होते. झेमाइतिया आणि लिव्होनिया ही दोन्ही ठिकाणे त्यांनी सांभाळली होती, म्हणजे मुलाची वाट बापाने आधीच मळवून ठेवली होती. यान कारोलचा जन्म १५६०-६१च्या सुमारास झाला. वडील १५७९ मध्ये वारले तेव्हा तो विशीच्या आतला होता.

शिक्षण जेझुइट पाद्र्यांकडे, व्हिल्नियसच्या अकादमीत. त्यानंतर भाऊ आलेक्सांदरसह बव्हेरियातील इंगोलश्टाट आणि मग इटलीतील पादुआ. श्रीमंत सरदारपुत्राचा हा त्या काळातला नेहमीचा रस्ता. युद्धाचा पहिला मोठा अनुभव आला तो १५९६ साली युक्रेनमध्ये, नालिवायकोच्या कोसॅक बंडाविरुद्धच्या मोहिमेत. तिथे नेतृत्व स्तानिस्वाव झुल्केव्स्की या पोलिश सेनानीकडे होते. पुढे पंचवीस वर्षे या दोघांची आयुष्ये पुन्हा पुन्हा एकमेकांना छेदत राहिली.

१६००च्या हिवाळ्यात व्हिल्नियस शहरात जे घडले त्यावरून या सरदारवर्गाचा स्वभाव चांगला कळतो. स्लुत्स्कच्या राजघराण्यातली शेवटची वारस, पंधराएक वर्षांची अनाथ मुलगी झोफिया, खोद्केविच घराण्याच्या पालकत्वाखाली होती. तिचे लग्न क्शिश्तोफ राद्झिविल या बलाढ्य सरदाराच्या मुलाशी, यानुशशी, ठरले होते. मुलीबरोबर अफाट जमीन जाणार होती. मग दुसऱ्याच एका जमिनीच्या वादावरून दोन्ही घराण्यांचे बिनसले आणि पालकांनी मुलगी देण्यास नकार दिला. राद्झिविलने हजारो माणसे जमवून शहर गाठले. खोद्केविचांनी आपला वाडा किल्ल्यासारखा बंदिस्त केला आणि तोफा मांडल्या, आणि या तयारीत यान कारोल आघाडीवर होता. राजाचे मध्यस्थ धावले, तडजोड झाली आणि त्याच वर्षी लग्नही लागले. ज्या मुलीसाठी राजधानीत युद्ध पेटायचे बाकी राहिले होते, ती झोफिया पुढे ऑर्थोडॉक्स चर्चची संत ठरली. आणि या प्रसंगानंतर दीड वर्षाच्या आत खोद्केविच त्याच क्शिश्तोफ राद्झिविलच्या हाताखाली लढत होता.

ती लढाई लिव्होनियात होती. आजचा लाटव्हिया आणि एस्टोनिया यांचा बराच भाग म्हणजे त्या वेळचा लिव्होनिया. रिगा हे त्याचे सर्वांत श्रीमंत बंदर. भांडणाचे मूळ घरगुती होते. पोलंड-लिथुआनियाचा राजा झिग्मुंट तिसरा हा स्वीडनच्या वासा घराण्यातला, आणि १५९२ पासून तो स्वीडनचाही राजा होता. पण तो कट्टर कॅथलिक आणि स्वीडन प्रॉटेस्टंट. काका कार्लने त्याला १५९९ मध्ये स्वीडनच्या गादीवरून दूर केले. पुढच्याच वर्षी हे भांडण लिव्होनियात उतरले, आणि पुढची अकरा वर्षे तो प्रदेश या काका-पुतण्यांच्या पायाखाली तुडवला गेला.

१६०१ मध्ये कोकेनहाउझेनच्या लढाईत राद्झिविल आणि खोद्केविच यांनी स्वीडिश फौजेला हरवले. नंतर राद्झिविल बाजूला झाला आणि लिव्होनियाची सारी जबाबदारी खोद्केविचवर आली. हाती होती काही हजार माणसे, आणि त्यांचा पगार थकलेला.

हा थकलेला पगार म्हणजे खोद्केविचच्या सगळ्या कारकिर्दीला लागलेले ग्रहण. त्यामागे राज्याची घडणच होती. सेयमच्या संमतीशिवाय राजाला नवा कर बसवता येत नसे. सेयम साधारणपणे दोन वर्षांतून एकदा, सहा आठवडे भरे, आणि तिथे एकमत लागे. जमीनदारांना राजाच्या हाती कायमची फौज नको होती, कारण ती उद्या आपल्यावरच उलटेल ही धास्ती. त्यामुळे युद्ध अंगावर आले की थोड्या काळापुरता कर मंजूर व्हायचा, तो उशिरा आणि अपुरा गोळा व्हायचा, आणि सीमेवरच्या फौजेपर्यंत पोहोचेतो हंगाम उलटलेला असायचा. फौजेचा कणा असलेले हुसार हे जड घोडदळ तर शिलेदारांचे. घोडा, चिलखत, सोबतची माणसे, हा खर्च स्वाराने आधी स्वतः करायचा. पगार थकला की त्याला थेट कर्ज होई. अशा वेळी सैनिक रीतसर संघटना करीत, आपला पुढारी निवडत आणि राजाच्या व चर्चच्या जमिनींवर जाऊन वसुली करीत बसत. हे बंड नव्हे, जवळजवळ मान्य झालेली प्रथा होती. मराठीत तिला सशस्त्र धरणे म्हणावे लागेल.

हे सगळे सांभाळत खोद्केविचने १६०३ मध्ये दोर्पात (आजचे तार्तू) घेतले. १६०४च्या सप्टेंबरात वाइसेनश्टाइनजवळ अडीच हजारांहून कमी माणसांनिशी त्याने जवळपास तिप्पट स्वीडिश फौज मोडली. महाहेटमनपद त्याला मिळाले ते यानंतर, १६०५ मध्ये. पैसा मात्र आला नाही. तेव्हा त्याने पदरचा खर्च केला आणि स्वतःच्या मालमत्तेवर कर्ज काढून माणसे टिकवून धरली.

१६०५च्या शरद ऋतूत कार्लने, जो आता स्वतःला स्वीडनचा राजा कार्ल नववा म्हणवत होता, रिगाला वेढा घातला. खोद्केविच शहर वाचवायला निघाला आणि दौगावा नदीकाठी किर्खोल्म या गावापाशी थांबला. आज हे गाव सालास्पिल्स नावाने लाटव्हियात आहे. त्याच्याकडे सुमारे ३६०० माणसे होती, त्यांपैकी २६०० घोडेस्वार. कार्लकडे अकरा हजारांच्या आसपास, बहुतेक पायदळ, त्यात जर्मन आणि स्कॉटिश भाडोत्री सैनिकही. शत्रू लहान आणि जवळ आहे हे कळताच कार्लने वेढा सैल केला आणि रात्रभर पावसातून कूच करून २७ सप्टेंबरच्या सकाळी तो किर्खोल्मला पोहोचला. त्याची माणसे ओली, उपाशी आणि न झोपलेली होती. खोद्केविचची माणसे रात्री विश्रांती घेऊन उठली होती. ऐनवेळी कुर्लंडचा ड्यूक फ्रीडरिख नदी ओलांडून आणखी तीनशे घोडेस्वार घेऊन आला.

स्वीडिश फौज उंचवट्यावर ओळी लावून उभी होती. चढावर भालाईत घोडदळ सोडणे म्हणजे आत्मघात, हे खोद्केविचला ठाऊक होते. तिला खाली उतरवायचे कसे हा प्रश्न होता. काही तास दोन्ही बाजू नुसत्या एकमेकींकडे पाहत राहिल्या. हलक्या चकमकी तेवढ्या चालू होत्या. मग त्याने आपल्या फौजेला मागे सरकायला लावले, जणू धीर सुटून पळापळ सुरू झाली आहे. कार्लला वाटले शिकार निसटते आहे. त्याने पुढे सरकण्याचा हुकूम दिला आणि उतारावरून येताना त्याच्या घट्ट ओळी पसरल्या, मधल्या फटी रुंदावल्या.

तेवढेच हवे होते. लिथुआनियन पायदळाने बंदुकीची फैर झाडली आणि मध्यभागी सुमारे तीनशे हुसार स्वीडिश पायदळावर तुटून पडले, ते फोडण्यासाठी नव्हे, जागच्या जागी अडकवण्यासाठी. खरा घाव डाव्या बगलेवरून आला. तिथे दोंब्रोवा या सरदाराच्या घोडदळाने समोरचे स्वीडिश घोडदळ उधळले, आणि ते पळाले ते थेट आपल्याच पायदळाच्या रांगांतून. उजव्या बगलेचा सरदार यान प्योत्र सापिएहा याला जड गेले, तेव्हा राखीव तुकडी त्याच्या मदतीला धावली. घोडदळ नाहीसे झालेले पायदळ आता तीन बाजूंनी वेढले गेले. स्वीडिश घोडेस्वार त्या काळच्या पश्चिम युरोपीय पद्धतीने जवळ येऊन पिस्तूल झाडत आणि मागे वळत. हुसार मात्र भाला रोखून, वेग वाढवत थेट अंगावर घोडा घालत. किर्खोल्मवर हा फरक उघडा पडला. मुख्य हल्ला अर्ध्या तासात आटोपला. त्यानंतरचा पाठलाग रिगाच्या दिशेने बराच वेळ चालला आणि बहुतेक माणसे त्यात कापली गेली. स्वीडिश मृतांचा आकडा आठ हजारांच्या आसपास दिला जातो, खोद्केविचचे सुमारे शंभर मेले. कार्लचा घोडा पडला. हाइनरिख व्रेडे नावाच्या सरदाराने त्याला आपला घोडा दिला आणि स्वतः तिथेच प्राण सोडला. शत्रूची साठ निशाणे आणि अकरा तोफा विजेत्यांच्या हाती लागल्या.

रिगा वाचले, पोपने अभिनंदन पाठवले, युरोपभर नाव झाले. आणि फौजेने पगार मागितला. तो आला नाही, तेव्हा किर्खोल्मचे वीर संघटना करून वसुलीला निघून गेले. ज्या स्वीडनची फौज एका दुपारी नाहीशी झाली होती, त्याच्या ताब्यातले किल्ले घ्यायला खोद्केविचकडे माणसेच उरली नाहीत. या लढाईचे वर्णन करताना घोडदळाच्या झेपेवर पाने खर्च होतात. तिचा निकाल मात्र तिजोरीत लागला.

पुढची दोन-तीन वर्षे तर अंतर्गत बंडाळीत गेली. राजा सत्ता बळकावू पाहतो या आरोपावरून मिकोवाय झेब्शिदोव्स्की याच्या नेतृत्वाखाली सरदारांनी उठाव केला. खोद्केविच राजाच्या बाजूने राहिला आणि जुलै १६०७ मध्ये गुझुवच्या लढाईत राजाच्या फौजेची उजवी बगल त्याने सांभाळली. १६०९ मध्ये तो पुन्हा लिव्होनियात परतला आणि मार्च महिन्यात पेर्नाउ बंदर (आजचे पार्नू) अचानक छापा घालून त्याने जिंकले. तिथे त्याने आयुष्यात एकदाच दर्यावर्दीपणा केला. हाती लागलेली व्यापारी जहाजे तोफा चढवून सज्ज केली आणि सालिसच्या किनाऱ्यापाशी नांगरलेल्या स्वीडिश ताफ्यावर पेटती जहाजे सोडून त्याला पळवून लावले. आरमार नसलेल्या फौजेचा हा विजय तसा किरकोळ, पण घोडदळाच्या सेनानीची कल्पकता दाखवणारा.

तोवर राजाची नजर मॉस्कोकडे वळली होती. रशियात राजवंश खुंटला होता, तोतये झार उठले होते, सगळीकडे अनागोंदी होती. १६१० मध्ये झुल्केव्स्कीने क्लुशिनोची लढाई जिंकली आणि मॉस्कोच्या क्रेमलिनमध्ये पोलिश-लिथुआनियन शिबंदी जाऊन बसली. ती आत होती आणि बाहेर रशियन जमाव जमत होता. तिला रसद पोहोचवण्याचे काम १६११च्या शरद ऋतूत खोद्केविचच्या गळ्यात आले. एकदोनदा जमले. सप्टेंबर १६१२ मध्ये तो शेकडो गाड्या धान्य घेऊन पुन्हा मॉस्कोच्या वेशीवर आला. प्रिन्स पोझार्स्कीच्या स्वयंसेवक फौजेशी तीन दिवस झुंज झाली. शहराच्या अरुंद वस्तीत आणि जळक्या पडझडीत हुसारांना धावायला जागा नव्हती. तिसऱ्या दिवशी गाड्या क्रेमलिनपासून थोड्याच अंतरावर असताना निझ्नी नोव्हगोरोदचा व्यापारी कुझ्मा मिनिन काही शे माणसांनिशी नदी ओलांडून बगलेवर आला आणि डाव उलटला. खोद्केविच माघारी फिरला. आतल्या शिबंदीने भुकेपोटी माणसांचे मांस खाण्यापर्यंत मजल गाठली आणि नोव्हेंबरात शरण गेली. रशिया आजही ४ नोव्हेंबर हा दिवस राष्ट्रीय एकतेचा दिवस म्हणून साजरा करतो. किर्खोल्मच्या विजेत्याच्या आयुष्यातला हा सर्वांत मोठा पराभव.

खासगी आयुष्यातही ती वर्षे कठीण होती. १५९३ मध्ये त्याने झोफिया मिएलेत्स्का हिच्याशी लग्न केले होते. तीही स्लुत्स्कच्याच राजघराण्यातल्या सरदाराची विधवा. दोन अपत्ये झाली. एकुलता मुलगा हिएरोनिम १६१३ मध्ये वारला, आणि मुलगी आन्ना सापिएहा घराण्यात गेली. जमीनदार म्हणून मात्र त्याचा ठसा टिकाऊ ठरला. झेमाइतियातील क्रेतिंगा गावी त्याने बर्नार्डाइन साधूंसाठी मठ आणि चर्च बांधवले आणि १६०९ मध्ये गावाला शहराचे हक्क दिले. आजच्या बेलारूसमधील बिखाव येथे नीपर नदीवर त्याने मजबूत किल्ला उभारायला घेतला. १६१६ मध्ये त्याला व्हिल्नियसचे वोयवोदपद मिळाले आणि झेमाइतियाचे पद त्याने सोडले.

राजपुत्र व्वादिस्वावला मॉस्कोच्या गादीवर बसवण्यासाठी १६१७-१८ मध्ये आणखी एक मोहीम निघाली आणि तिचे लष्करी ओझे पुन्हा खोद्केविचवर पडले. पैशाची तीच रड. पेत्रो साहायदाच्नीचे हजारो झापोरोझ्ये कोसॅक दक्षिणेकडून येऊन मिळाले, तरी मॉस्को पडले नाही. डिसेंबर १६१८ मध्ये देउलिनोचा तह झाला, स्मोलेन्स्कसह मोठा मुलूख राज्याला मिळाला आणि राजपुत्र हात हलवत परत आला.

१६१९ मध्ये पत्नी वारली. २४ नोव्हेंबर १६२० रोजी, साठीला पोहोचलेल्या खोद्केविचने ओस्त्रोग घराण्यातल्या वीस वर्षांच्या आन्ना आलोइझाशी लग्न केले. ओस्त्रोगांची संपत्ती प्रचंड होती आणि खोद्केविचला अजून वारस हवा होता. संसाराला वेळ मिळालाच नाही. लग्नाच्या दीड महिना आधी मोल्डाव्हियात, त्सेत्सोराच्या मोहिमेत ऑटोमन तुर्कांनी पोलिश फौज नष्ट केली होती. वृद्ध झुल्केव्स्की मारला गेला होता, दुय्यम पोलिश हेटमन कैद झाला होता. पुढच्या वर्षी सुलतान स्वतः चाल करून येणार हे उघड होते. पोलंडचे दोन्ही हेटमन नाहीसे झाले तेव्हा सेयमने संपूर्ण राज्याची फौज लिथुआनियाच्या हेटमनच्या हाती दिली. एरवी मानापमानावरून वर्षानुवर्षे भांडणाऱ्या त्या सभागृहाने असे करणे ही संकटाची खरी मोजपट्टी होती.

१६२१च्या ऑगस्टमध्ये फौज नीस्टर नदी ओलांडून खोतिनच्या किल्ल्यापाशी उतरली. युद्ध शत्रूच्या मुलखात व्हावे हा खोद्केविचचा आग्रह, जरी पाठीशी नदी असणे अनेकांना धोक्याचे वाटत होते. पोलिश-लिथुआनियन फौज तीस-पस्तीस हजार. तेवढेच, कदाचित जास्तच, कोसॅक साहायदाच्नीच्या नेतृत्वाखाली शेजारी स्वतंत्र छावणी करून होते. समोर सोळा वर्षांचा सुलतान उस्मान दुसरा, लाखाच्या वर फौज घेऊन. किर्खोल्मवर मैदानात धाव घेणाऱ्या सेनानीने इथे बरोबर उलटे केले. मातीचे तट, खंदक, त्यांत ठिकठिकाणी घोडदळाला बाहेर पडायला दरवाजे. दिवस शत्रूला तटावर झिजवायचा आणि तो थकला की बाहेर पडून झोडपायचे.

२ सप्टेंबरला तुर्की हल्ले सुरू झाले. ७ सप्टेंबरच्या दुपारी मोठा लोंढा छावणीच्या कच्च्या बाजूवर आला. खोद्केविच तेव्हा आजारी होता. सुमारे सहाशे घोडेस्वार घेऊन तो स्वतः दरवाज्यातून बाहेर पडला आणि कित्येक पटींनी मोठा तो लोंढा उधळून लावला. हा त्याचा शेवटचा हल्ला. त्यानंतर आजार बळावत गेला. छावणीत ताप, उपासमार आणि जनावरांची मर सुरू होती. शेवटी त्याने हेटमनपदाची गदा दुय्यम सेनापती स्तानिस्वाव लुबोमिर्स्कीच्या हाती दिली. २४ सप्टेंबर १६२१ रोजी खोतिनच्या किल्ल्यात तो वारला.

लुबोमिर्स्कीने त्याचीच पद्धत पुढे चालवली. २८ सप्टेंबरचा सर्वांत मोठा हल्लाही परतवला गेला. छावणीत दारूगोळ्याचे जेमतेम एक पिंप उरले असताना, ९ ऑक्टोबरला तह झाला आणि सुलतान परत फिरला. अपयशाचे खापर जॅनिसरी पलटणींवर फोडणाऱ्या उस्मानला पुढच्या मे महिन्यात त्याच पलटणींनी ठार केले. खोतिनवरून परतलेल्या सैनिकांनी थकलेल्या पगारासाठी १६२२ मध्ये पुन्हा संघटना केली. त्याच वर्षी खोद्केविचचा देह विधवेच्या गावी, ओस्त्रोगला दफन झाला. जवळजवळ पन्नास वर्षांनी कवी वात्स्वाव पोतोत्स्कीने खोतिनच्या युद्धावर महाकाव्य रचले आणि त्याचा नायक या हेटमनला केले.

खोतिनसाठी राज्याने सगळी ताकद दक्षिणेला नेली होती. उत्तरेत, लिव्होनियात, दुय्यम लिथुआनियन हेटमन धाकटा क्शिश्तोफ राद्झिविल, म्हणजे व्हिल्नियसच्या त्या गाजलेल्या लग्नातल्या नवरदेवाचा भाऊ, मूठभर माणसांनिशी उरला होता. कार्ल नवव्याचा मुलगा गुस्ताव आडोल्फ ऑगस्टमध्ये रिगासमोर उतरला. खोद्केविच वारला त्याच आठवड्यात शहराने दरवाजे उघडले. ते पुढे १७१० पर्यंत स्वीडनकडेच राहिले.